जावई पाया पडला तेव्हा

निर्दोष सुटलेला जावई कोर्टाच्या व्हरांड्यात सरळ येऊन सुमनताईंच्या पाया पडला. सुमनताई माझ्या शेजारीण. त्यांची लेक वैशाली सासरी जळाली आणि दवाखान्यात वारली. त्या खटल्याचा निकाल ऐकायला मी त्यांच्या सोबतीला गेले होते. तो वाकला आणि सवयीनं त्यांचा हात आशीर्वादासाठी उचलला गेला. मग अर्ध्यावरच थांबला. तो कुठे न्यावा हेच त्यांना कळेना.

माणूस आतून मोडून पडतो, तरी अंगात मुरलेला चांगुलपणा आपलं काम करतच राहतो. मला त्या घटकेला त्या चांगुलपणाचाच राग आला.

जावई गेल्यावर सुमनताईंच्या वकीलबाई त्यांना हळूच म्हणाल्या, "मावशी, सरकारनं अपील केलं नाही तरी तुम्ही स्वतः करू शकता. आई म्हणून तुमचा तो हक्क आहे."

सुमनताई म्हणाल्या, "दवाखान्यात वैशाली मला जे बोलली, ते इथं कुणी खरं मानलं नाही. वरच्या कोर्टात मानतील?"

"सांगता येत नाही. वर्षं जातील."

हक्क म्हणजे काहीतरी हाती येणं, असं मला वाटायचं. इथं तर पुन्हा सगळं सोसायची मुभा तेवढी मिळत होती.

स्टँडकडे चालताना सुमनताई मधेच थांबल्या.

"अपील करायचं," त्या म्हणाल्या. "हरले तर हरले. पण इथंच गप्प बसले, तर माझी पोर मरताना खोटं बोलली असं होईल."

आणि भर रस्त्यात, खटल्याच्या इतक्या वर्षांत पहिल्यांदाच, त्या मोठ्यानं रडल्या.