निनावी अर्जाची पोच

स्वतःच्या मूर्खपणाची गोष्ट सांगायला चहा जरा कडकच लागतो. तो आलाय, तेव्हा ऐका!

मी आणि सावंत, दोघांनी एकाच सरकारी कचेरीत, एकाच टेबलाच्या दोन बाजूंना बसून पस्तीस वर्षं कारकुनी केली. राहायलाही करी रोडला एकाच मजल्यावर, दारासमोर दार. निवृत्तही एकाच संध्याकाळी झालो. एकाच रंगाची शाल, एकाच मापाचा नारळ. त्यानंतर आठ महिने दोघांचीही ग्रॅच्युइटी कचेरीतच अडकली. आणि खरं सांगू? ते आठ महिने माझे फार सुखात गेले. सावंतालाही मिळाली नव्हती ना!

मग एका बुधवारी सावंताकडे फ्रिज आला. दोन दारांचा! आमच्या फ्रिजला दार एकच, तेही लाथ घातल्याशिवाय लागत नाही. शुक्रवारी त्यांच्या भिंतींना रंग. रविवारी सुरमई तळल्याचा असा काही वास आला, की माझ्या ताटातला बांगडा मला एकदम लहान दिसायला लागला.

"याची ग्रॅच्युइटी झाली!" मी बायकोला म्हटलं.

"मग विचारा की त्यांना. दार दोन पावलांवर आहे."

विचारायचं? अहो, कारकून माणूस तोंडी विचारत नसतो. तो अर्ज करतो.

बसलो. विषय लिहिला, संदर्भ लिहिला. 'श्री. सावंत यांचे प्रकरण क्रम डावलून मंजूर झाल्याचे समजते, तरी सखोल चौकशी व्हावी.' खाली, 'आपला विश्वासू, एक जागरूक नागरिक.' काय भाषा होती! नोकरीत असं टिपण एकदा जरी लिहिलं असतं तर साहेब होऊन निवृत्त झालो असतो.

सोमवारी कचेरीच्या आवक खिडकीत अर्ज सरकवला आणि, पस्तीस वर्षांची सवय हो, सोबत दुसरी प्रतही सरकवली. "ताई, हिच्यावर पोचेचा शिक्का द्या."

"कोणाच्या नावाने, काका?"

"नाव नाही. निनावी अर्ज आहे."

"मग पोच देऊ कोणाला?"

"मला!"

"मग नाव सांगा की."

आता तुम्हीच सांगा, पोच घेतल्याशिवाय कागद सोडून यायचं? म्हणजे पोटचं पोर स्टेशनवर विसरून येण्यासारखंच! मी नाव सांगितलं. वडिलांच्या नावासकट. पोच घरी आणून फाईलला लावली आणि शांत झोपलो.

पंधरा दिवसांनी बेल वाजली. दारात सावंत. हातात पेढ्यांचा बॉक्स, डोळ्यांत पाणी.

"परबा, मेल्या, मिठी मार मला! ग्रॅच्युइटी जमा झाली!"

"आत्ता? मग तो फ्रिज?"

"पोराने घेतला, हप्त्यावर. रंगही त्यानेच काढून दिला."

"आणि सुरमई?"

"तुला सुरमईचं कसं कळलं?" सावंताने विचारलं, पण आनंदात उत्तराची वाट बघायला विसरला. "अरे, माझी फाईल गठ्ठ्याच्या तळाला पडली होती. तुझा अर्ज आला म्हणून साहेबांनी चौकशीसाठी वर काढली. पानन् पान बघितलं, चूक एक सापडेना. म्हणाले, तपासून झालीच आहे तर सही करून टाकतो! निनावी अर्ज असता तर टोपलीत गेला असता, म्हणे. पण तू नाव दिलंस! दुसऱ्यासाठी एवढं डोकं कोण चालवतो, रे?"

मी विनयाने मान खाली घातली. वर करायला तोंड कुठे होतं?

"आणि माझी फाईल?"

"असेल गठ्ठ्यात. तुझ्यावर कुठे कोणाची तक्रार आहे?"

मी आवाज खाली आणला. "सावंता, मग माझ्यावरही एक अर्ज टाक ना. लाच, लफडं, काय वाटेल ते लिही!"

सावंताने कानांना हात लावले. "तुझ्याबद्दल खोटं लिहू? नाही रे. हात धजायचा नाही माझा."

तेवढ्यात आतून बायको आली, कागद आणि पेन घेऊन.

"मी लिहिते, भावोजी. खोटं लिहायची गरजच पडायची नाही. फक्त पुरवण्या जोडायला तेवढी टाचणी द्या."