जाणाऱ्या खोलीची फरशी

श्रीनिवासचा फोन आला तेव्हा मी दुपारचं आवरून पुस्तक घेऊन बसले होते. "टीचर, अम्मा गेली," एवढंच तो म्हणाला, आणि मग बराच वेळ फोनवर नुसता मागांचा आवाज येत राहिला. शेजारच्या कुणाच्या तरी शेडमधले असतील… त्याच्या आईच्या, नरसम्माच्या घरचे माग बंद होऊन खूप वर्षं झाली. विजापूर रस्त्यावरून रिक्षा करून मी सोलापूरच्या पूर्व भागात पोचले, तर तिला बाहेर ठेवलं होतं. आतल्या दोन खोल्यांत माणसं मावेनात, म्हणून दारापुढं, डांबराच्या कडेला चटई घालून. लांबून आलेल्या एका नातेवाईक बाईंना ते खटकलं. "घर असताना बाईला रस्त्यावर का ठेवलंय?" त्या म्हणाल्या. श्रीनिवासनं मान वर न करता सांगितलं, "रस्त्यावर न्हाई, मावशी. पुढच्या खोलीत हाय ती." त्यांना काही कळलं नसावं. मला कळलं. त्या पुढच्या खोलीत मी सहा वर्षं राहिले होते.

कॉलेजात मराठी शिकवायची नोकरी लागली, तेव्हा मी मंगळवेढ्याहून एक ट्रंक आणि पुस्तकांची दोन पोती घेऊन सोलापुरात आले. एकट्या बाईला खोली द्यायला लोक तयार नसत. नरसम्मानं मात्र कसलीही चौकशी न करता दार उघडून दाखवलं. तिचा नवरा नुकताच वारला होता; घरामागच्या शेडमध्ये टॉवेलचे चार माग होते आणि ते तीच चालवत होती. घर तिच्या वडिलांचं. एकुलती एक म्हणून तिच्याकडं आलेलं. पुढची खोली मोठी होती, हवेशीर होती, पण खालची जमीन मातीची, शेणानं सारवलेली. आतल्या खोल्यांना मात्र शहाबादी फरशी, पुसून पुसून गुळगुळीत झालेली. मला हे विचित्र वाटलं. मग बाजूच्या भिंतीवर वरपासून खालपर्यंत ओढलेली लाल रंगाची रेघ दिसली. ही कसली, म्हणून मी विचारलं.

"ती व्हय? महापालिकेची. रेघेच्या पलीकडं माझं घर, अलीकडं रस्ता."

"म्हणजे ही खोली…"

"रस्त्यात हाय. बघा, तुमाला रस्त्यात राहायला चालतंय का."

ती रेघ तिच्या वडिलांच्या काळातली. शहराच्या विकास आराखड्यात ती गल्ली रुंद होणार असं ठरलं आणि कुणीतरी येऊन घराघरांवर खुणा करून गेलं. त्यानंतर कुणी आलंच नाही. पण रेघेच्या अलीकडं काही बांधायला परवानगी मिळायची नाही. पत्रे बदलायचे म्हटलं तरी अर्ज, आणि अर्जाला उत्तर नाही. "जे जाणार हाय त्याच्यावर खर्च करू नको," असं वडील तिला सांगून गेले होते आणि ते तिनं इमानानं पाळलं. देव, कपाट, धान्याची कोठी, सगळं जड सामान आत. पुढच्या खोलीत फक्त हाताला धरून उचलता येईल तेवढंच : खाट, खुर्ची, सायकल. "आनि टीचर," असं ती हसून पुढं जोडायची. घरात बोलताना त्या खोलीला रस्ताच म्हणत. चहा रस्त्यात आण, सायकल रस्त्यात लाव. खोली पडतही नव्हती आणि घरातही येत नव्हती. हक्क म्हणजे काय हे मी पुस्तकांतून थोडंफार वाचलं होतं. पण आपल्याच घरात इतकी वर्षं पाहुण्यासारखं बसायचं म्हणजे काय, ते मला त्या मातीच्या जमिनीवर कळलं.

एक गोष्ट मात्र ती त्या खोलीसाठी न चुकता करी. सकाळी उठून पुढच्या दाराशी पाणी शिंपडायची आणि उंबऱ्यापुढं मुग्गू काढायची. तेलुगू घरांत रांगोळीला मुग्गू म्हणतात. ठिपके, त्यांना वळसे घालत जाणारी एकच रेषा, सुरू झाली तिथंच येऊन मिळणारी. तोंडानं तेव्हा समोरच्या बाबूभाईंशी भांडण चालू असायचं. बाबूभाई गाद्या-रजया भरून देत. त्यांचं कापूस पिंजायचं यंत्र सुरू झालं की गल्लीभर धुकं पडल्यासारखं व्हायचं.

"बाबूभाई, तुमचा कापूस माझ्या आमटीत पडतोय."

"मग बरंय की अक्का, आमटी घट्ट होतीय. डाळ कमी लागंल तुमाला."

हे असं रोज. त्यात प्रेम होतं असं मी आज लिहिलं तर तिला आवडणार नाही. तिला तो कापूस खरोखरच सहन होत नसे. जमिनीवर पुंजका दिसला की हातातलं काम टाकून ती तो उचलायची.

मी तिथं असतानाच गल्लीच्या टोकाच्या एका कारखान्याला आग लागली. अग्निशमनचा बंब आला, पण कोपऱ्यावर वळेना. मागं घे, पुढं घे करत तो तिथंच अडकून राहिला आणि आतल्या दोन कामगारांना लोकांनी मागची भिंत फोडून बाहेर काढलं. नरसम्मा घागरीनं पाणी नेत होती; हाताला भाजलं तिच्या. रात्री माझ्या खाटेवर बसून ती म्हणाली, "रस्ता पाहिजे बघा टीचर. कुनाची तरी खोली जायालाच पाहिजे." रस्ता नको, असं त्यानंतर मी तिच्या तोंडून कधी ऐकलं नाही.

पुढं मी शहराच्या दुसऱ्या टोकाला घर घेतलं, पण महिन्यातून एखादी चक्कर होतच असे. माग बंद झाले, भंगारात गेले. श्रीनिवास शाळेचे गणवेश शिवायला लागला. पुढच्या खोलीत चांगलं दुकान थाटायचं त्याच्या मनात होतं. अशात सुधारित आराखडा जाहीर झाला. रेघ तशीच, पण या वेळी काम खरंच होणार होतं. हरकती मागवल्या होत्या. नरसम्माच्या बाजूच्या घरमालकांनी बैठक घेऊन ठरवलं की रस्ता समोरच्या बाजूनं रुंद करावा, असा एकत्र अर्ज द्यायचा. अर्जाचा मसुदा मलाच करायला सांगितला. मी तो मन लावून केला. नागरिकाचा स्वतःच्या घरावरचा हक्क, इतक्या वर्षांची कुचंबणा, सगळं त्यात आलं. बाकी सगळ्यांच्या सह्या झाल्या. नरसम्मा म्हणाली, "आधी मला नकाशा बघायचाय."

मी तिला घेऊन महापालिकेत गेले. टेबलामागं एक तरुण अधिकारी होता. दमलेला होता, पण बोलायला चांगला. त्यानं नकाशा उलगडला, तिला तिचं घर दाखवलं. "सार्वजनिक हिताचं काम आहे, मावशी."

"सार्वजनिकात मी येत न्हाई काय?"

"येता की. रस्ता तुम्हालाही मिळणारच आहे."

"माझी खोली घेऊन," ती म्हणाली. तो जरासा हसला, तीही हसली. मग तिनं नकाशावर बोट ठेवून विचारलं, "ही रेघ अशी पलीकडं सरकली, तर हितनं बाबूभाईचं किती जातंय?"

त्यानं पट्टी लावली. पुन्हा लावली. "त्यांचं… सगळंच जातं. मागं नाला आहे ना. दुकानही जातं आणि घरही."

आम्ही रिक्षानं परत आलो. अर्ज तिच्या पिशवीत होता. घराशी उतरल्यावर तिनं तो माझ्या हातात दिला आणि म्हणाली, "लई चांगलं लिहिलंय तुमी. पन माझं अर्धं जातंय, त्याचं सगळंच. आता बघितलं ते बघितलं की हो."

तिनं सही केली नाही. गल्लीत बोलणी झाली. बाबूभाईनं गादी फुकटात भरून दिली वाटतं, असं एक जण तिच्या तोंडावर म्हणाला. "गादीचं काय घेऊन बसलाय," ती म्हणाली, "त्याचा कापूस तर रोजच फुकट येतोय." बाबूभाई एकदा काही बोलायला म्हणून उंबऱ्याशी येऊन उभे राहिले, तर तिनं त्यांना बोलूच दिलं नाही. "काय बोलू नका. कापूस तेवढा आवरा." बाहेरच्यांना ती अशी परतवायची. घरातलं अवघड होतं. श्रीनिवास माझ्यादेखत तिला म्हणाला, "तुला त्याचं घर दिसतंय अम्मा, माझं दुकान दिसत न्हाई." ती बराच वेळ हातातली पात निवडत राहिली. "दिसतंय रे," ती म्हणाली, "म्हनून तर झोप लागंना." तो काही महिने तिच्याशी कामापुरतंच बोलत होता. चूक त्याची होती असं मला तेव्हा वाटलं नाही, आजही वाटत नाही.

तिच्या सहीवाचून रेघ हलली नाही, असं मी म्हणणार नाही. शासन एका बाईच्या सहीसाठी थांबत नाही. बाकीच्यांच्या सह्यांचा अर्ज गेला होताच. तो कुणी वाचला की नाही, कोण जाणे. रेघ होती तिथंच राहिली आणि शेवटची नोटीस आली. त्यानंतर आठवडाभरानं मी गेले, तर पुढच्या खोलीत फरशीचं काम चाललेलं. शहाबादी फरशी, आतल्यापेक्षा चांगली, निळसर काळी. गवंडी सांधे भरत होता आणि श्रीनिवास दारात कपाळाला हात लावून बसला होता.

"टीचर, तुमी तरी सांगा हिला. माझा जन्म मातीत काढला हितं, आनि आता पाडायच्या वेळेला फरशी?"

नरसम्मा गवंड्याच्या हातावर लक्ष ठेवून उभी होती. "इतकी वर्षं जाती का ऱ्हाती कळत नव्हतं, म्हनून घातली न्हाई," ती म्हणाली. "आता कळलं. लेक सासरी जाताना नवं लुगडं नेसवतोच की रे आपन. फाटक्यात धाडतोय का?"

त्या फरशीवर तिनं मला जेवायला घातलं. दगड गार होता. तिनं पाय पसरून भिंतीला पाठ टेकली, त्या लाल रेघेलाच, आणि कितीतरी वेळ तशीच बसून राहिली. मी तिला त्या खोलीत अशी टेकून बसलेली पहिल्यांदाच पाहत होते.

पाडायला आले त्या दिवशी सकाळी तिनं खोली झाडून दिली. फरशी तरी उचकटून घेऊ, असं श्रीनिवास म्हणाला, तर "ऱ्हाऊ दे" एवढंच म्हणाली. वर्षानुवर्षं थर चढून गल्लीचं डांबर उंबऱ्याच्या वर आलेलंच होतं, तेव्हा ठेकेदारानंही काही खणलं नाही. फरशीवरच खडी पसरून डांबर ओतलं. मोबदला म्हणून एक प्रमाणपत्र मिळालं. गेलेल्या जागेइतकं बांधकाम दुसरीकडं कुठं तरी वर चढवायचा हक्क. "मला वर चढवायचं न्हाई, खाली बसायचंय," ती म्हणाली. श्रीनिवासनं ते एका बांधकामवाल्याला विकून टाकलं.

आणि रस्ता… रस्ता कोपऱ्यापर्यंत रुंद झाला. कोपऱ्यावरच्या इमारतीनं न्यायालयातून स्थगिती आणली आणि काम तिथं थांबलं, ते अजून थांबलेलं आहे. रुंद झालेल्या भागात लोक गाड्या लावतात. आगीचा बंब आजही तिथं वळणार नाही. शेवटच्या भेटीत आम्ही मागच्या खोलीत बसलो होतो. गुडघ्यांमुळं तिला बाहेर येणं जमत नव्हतं. बंबाचा विषय मीच काढला आणि मलाच वाईट वाटलं. ती म्हणाली, "खोली गेल्याचं काय न्हाई हो टीचर. रस्ता झाला असता तर बरं वाटलं असतं."  

गुडघे चालत होते तोवर ती मुग्गू मात्र जुन्या उंबऱ्याच्याच जागी काढायची, रस्त्यात. दूधवाल्याच्या गाडीखाली तो लगेच पुसला जायचा. एकदा मी म्हटलं, अक्का, कशाला हे, रोज चाकाखाली जातंय. "रोज जातंय म्हनूनच रोज काढायचं," ती म्हणाली आणि पीठ चिमटीत घेऊन पुढच्या ठिपक्याकडं सरकली.

गेल्या आठवड्यात मी श्रीनिवासकडं जाऊन आले. त्याची बायको आता नव्या दाराशी मुग्गू काढते. तेच बरोबर आहे. निघताना पाहिलं, तर गाड्यांच्या चाकांनी डांबर झिजून दोन ठिकाणी फरशी वर आली आहे. निळसर काळी, सांध्यासकट. तेवढ्यात एका माणसानं मोटारसायकल आणून नेमकी तिथंच लावली. समोरून बाबूभाईंची हाक आली. खूप म्हातारे झालेत ते, दुकानाच्या पायरीवर बसून असतात.

"ओ भाऊ, जरा पुढं घ्या गाडी. खाली फरशी हाय."

त्यानं खाली पाहिलं. "रस्त्यात कसली फरशी, चाचा?"

"खोलीची हाय," बाबूभाई म्हणाले.

त्याला काही उमगलं नाही, पण त्यानं गाडी पुढं नेली. उघड्या पडलेल्या दगडावर कापसाचा एक पुंजका येऊन बसला होता. मी वाकून तो उचलला.