गोणपाटाचं देऊळ

नाशिकरोडच्या आमच्या चाळीत शेजारच्या खोलीत राहणाऱ्या गृहस्थांना सगळे साईं म्हणत. फाळणीत सिंध सोडून आलेले. मुंबईच्या स्टुडिओंत ते सेट उभारायचे आणि अधूनमधून पडद्यावरही दिसायचे. पठाण, सावकार, परका व्यापारी, एवढंच वाट्याला यायचं. मराठी चित्रपटात तर आवाजही दुसऱ्याचा असे. माझ्या घरात माझ्याआधी कुणी मॅट्रिकही झालं नव्हतं. बी.ए.चा सगळा अभ्यास मी साईंच्या ड्रॉइंगच्या टेबलावर केला. त्यामुळे पुढचं लिहिताना मला तटस्थ राहता येणार नाही, आणि राहायचंही नाही.

सत्तरच्या दशकाच्या अखेरीस एका मराठी चित्रपटासाठी निफाडजवळ नदीकाठी त्यांनी देऊळ उभं केलं. बांबू, गोणपाट, प्लास्टर, वरून काळा रंग. रविवारी मी बघायला जायचो. खरं काम रंग दिल्यानंतर सुरू झालं. पायथ्याला ताक शिंपडून ते ओल टिकवायचे. काही दिवसांत तिथं हिरवं शेवाळ धरलं. खांबांवर ठरावीक उंचीला तेलाचा हात फिरवायचे.

"दर्शनाला आलेला म्हातारा इथंच टेकतो ना, ग्रॅज्युएट? मग दगड इथंच गुळगुळीत पाहिजे."

गावातल्या बायका उंबऱ्याला हळदकुंकू वाहू लागल्या. साईं गडबडले. "मावशी, आत देव नाही अजून."

"येईल की! घर बांधलंय म्हणल्यावर जातो कुठं?"

चित्रीकरण संपलं, सेट मोडला, चित्रपट चालला. कलादिग्दर्शनाच्या एका पुरस्कारासाठी साईंनी प्रवेशिका पाठवली. ती परत आली. चित्रीकरण प्रत्यक्ष मंदिरात झालेलं असल्याने विचार करता येत नाही, असा शेरा होता. इतक्या वर्षांत त्यांना एकही बक्षीस मिळालेलं नव्हतं. हे एक मिळावं, असं ते मला एकदाच, मान खाली घालून म्हणाले होते.

निर्माते तेव्हा नाशिकमध्ये द्वारका चौकाजवळच्या एका लॉजवर उतरले होते. मी जाऊन सेटचे फोटो आणि दोन ओळींचं पत्र मागितलं.

"वेडे आहात का?" ते म्हणाले. "लोक ते देऊळ शोधत निफाडला जातायत. आणि मी लिहून देऊ, ते गोणपाट होतं म्हणून?"

"पण ते होतंच गोणपाट, साहेब."

"तुम्ही कोण त्यांचे? जावई?" बरोबरची माणसं हसली. "सांगा त्यांना, कुणाला कळलं नाही, हेच बक्षीस."

त्या माणसाचा चहा मी मुकाट्याने प्यालो, हे आठवलं की अजून अंगाचा तिळपापड होतो.

मग मीच पुरस्कार समितीला अर्ज लिहिला, चार पानी. माझ्या पदवीचा तो पहिला खरा उपयोग. प्लास्टर, ताक, तेल, सगळं मांडलं. आणि कारागिरी किती अस्सल होती हे ठसावं म्हणून मोठ्या अभिमानाने लिहिलं, 'गावातील स्त्रिया तेथे नित्य हळदकुंकू वाहत असत.' साईंना वाचून दाखवलं. ते खूष झाले.

उत्तर आलं: 'अर्जदाराच्याच निवेदनानुसार सदर ठिकाणी नित्य पूजा होत होती. सबब ते मंदिर होते याबद्दल शंका उरत नाही.'

चार पानांतून कुणीतरी नेमकं एवढंच उचललं होतं. निफाडला माणूस पाठवला असता तर मोकळी जमीन दिसली असती. पण परक्या आडनावाच्या माणसासाठी एसटीत कोण बसणार? त्याच्या हातून आपलं देऊळ घडूच शकत नाही, हे त्यांचं आधीच ठरलेलं. आणि त्यांच्या हाती ते वाक्य दिलं मी.

साईंनी कागदाची घडी घालून मला परत दिली. "वाक्य चांगलं होतं, ग्रॅज्युएट."

त्यांनी चिडायला हवं होतं, निदान माझ्यावर. दुसऱ्या आठवड्यात ते मुंबईला गेले. पठाणाचं काम होतं. ऐंशीच्या दशकात ते वारले, तोवर त्यांनी सेटचं काम पुन्हा घेतलं नाही. चाळीत कुणी कारण विचारलं तर म्हणायचे, "ॲक्टिंगमध्ये निदान दाढी खोटी आहे, हे सगळ्यांना दिसतं."

चाळ हसायची. मला कधीच हसता आलं नाही.