तांब्याभर पाणी आणि चार चाकं

जगातल्या कुठल्याही दोन वस्तू एकमेकींना शोभतात की नाही, हे ठरवायचं काम देवाने माझ्या थोरल्या साडूंवर सोपवलं आहे आणि स्वतः तो निर्धास्त झाला आहे. निदान साडूंची तशी खात्री आहे. सोलापुरातल्या एका चादरीच्या कारखान्यात ते घडी खात्यात होते. मागावरून आलेली चादर उलगडायची, नक्षीला नक्षी आणि किनारीला किनार जुळते का बघायचं, आणि जुळली तरच घडी घालायची, यात त्यांचा जन्म गेला. ते निवृत्त झाले, पण त्यांचे डोळे झाले नाहीत. डब्यावर दुसऱ्याच डब्याचं झाकण दिसलं तर त्यांना घास गिळवत नाही. चहा पुढे केला की आधी कप आणि बशी एका घरातल्या आहेत का ते पाहतात. नसल्या तर कप हातात धरतात आणि बशी हळूच आमच्याकडे सरकवतात, जणू परक्याची लेक सुखरूप परत पाठवावी.

एकदा नात्यातल्या एका मुलीसाठी आम्ही वैरागला मुलगा बघायला गेलो होतो. मुलगा चांगला, घर चांगलं, शेंगदाण्याची चटणी तर फारच चांगली. साडू मात्र पोह्यांची बशी घेऊन अंगणात गेले आणि मुलाच्या मोटारसायकलीपाशी उकिडवे बसले. परतताना सगळे मुलाचं कौतुक करत होते, तेव्हा म्हणाले, "पुढचा टायर एका कंपनीचा, मागचा दुसऱ्याच कंपनीचा. ज्या घरात दोन चाकांचं एकमत न्हाय तितं पोरगी द्यायची?" लग्न झालं. मुलगी सुखात आहे. हे त्यांना सुनावलं की शांतपणे सांगतात, "लग्नाआधी टायर बदलला की त्यानं. मीच कानात सांगून आलो हुतो."

अशा माणसाच्या जुन्या चारचाकीला नवी चाकं लागावीत, हा योग साधा नव्हता. त्यात थोडा हात माझाही होता, म्हणून हे लिहिताना मला चोरट्यासारखं वाटतं. तसा मी मुळातच अपराधी मनाचा माणूस आहे. चौकात हवालदाराने दुसऱ्याच कुणाला शिट्टी मारली तरी मी गाडी बाजूला घेऊन कागदपत्रं काढतो.

झालं असं की साडूंच्या पत्नी, म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण, ज्यांना आम्ही सगळे अक्का म्हणतो, त्यांचं मणक्याचं ऑपरेशन झालं. डॉक्टर म्हणाले, प्रवास करा, पण दणका बसता कामा नये. अक्कांचं माहेर मैंदर्गी. ऑपरेशनपासून त्या माहेरी गेल्या नव्हत्या, आणि कुणी मैंदर्गीचं नाव काढलं की त्या उठून स्वयंपाकघरात जायच्या. मी माझी नवी गाडी काढली. मोठी चाकं, चकचकीत रिम, गुळगुळीत सीटं. अक्कलकोट रस्त्याला लागलो. अक्का दाराच्या वरचा दांडा दोन्ही हातांनी धरून बसल्या होत्या. कुंभारीच्या जरा पुढे गेल्यावर एवढंच म्हणाल्या, "भाऊजी, परत फिरवा." त्या रस्त्यावरचा प्रत्येक गतिरोधक मीच माझ्या हाताने बांधला आहे, असं मला आजही वाटतं.

त्या संध्याकाळी साडूंनी जाहीर केलं, "हिला मैंदर्गीला आपल्याच गाडीतनं न्यायचं. आन् दणका बसला न्हाय पाहिजे." त्यांची गाडी म्हणजे एक छोटी हॅचबॅक. इतकी जुनी की तिचा सुटा भाग मागायला गेलं तर दुकानदार आधी तिची ख्यालीखुशाली विचारतो. तिचे टायर वाळून दगड झाले होते. कुणीही शहाण्या माणसाने त्याच मापाचे नवे टायर घातले असते. पण साडू माझ्या गाडीभोवती प्रदक्षिणा घालून आले आणि म्हणाले, "पाव्हणं, मोठी चाकं बरी का?" मी म्हणालो, "बरी दिसतात." मी फक्त 'दिसतात' म्हणालो होतो. पण तेवढ्यावर त्यांनी गाडीला दोन मापं मोठी, तारेसारख्या आरांची रिम आणि त्यावर पातळ पट्टीसारखे टायर बसवून आणले. गाडी अशी दिसू लागली, जणू सोवळ्यातल्या आजोबांनी पायात खेळाडूचे बूट घालावेत.

चाक चांगलं की वाईट हे ठरवायची साडूंची स्वतःची पद्धत आहे. अक्कांना बसवून तर बघता येत नाही. म्हणून पितळेचा तांब्या गळ्यापर्यंत भरायचा आणि डाव्या सीटवर चादरीच्या घडीवर ठेवून गाडी चालवायची. पाणी सांडलं तर चाकं नापास. पहिल्याच वळणावर तांब्या आडवा झाला, तेव्हा त्यांनी पद्धतीत सुधारणा केली. मला सीटवर बसवलं आणि तांब्या माझ्या मांडीवर दिला. म्हणाले, "तांब्या म्हंजे अक्का, तुमी म्हंजे गादी. गादीनं हलायचं न्हाय."

मी हललो नाही. पाणी हललं. सात रस्त्याला पोहोचेपर्यंत मी अशा ठिकाणी भिजलो होतो की खाली उतरणं शक्य नव्हतं, आणि नेमके तिथे आमच्या कचेरीतले दोघे चहा पीत उभे होते. त्यांनी हात केला. मी तांब्या उंचावून दाखवला, म्हणजे त्यांना खुलासा होईल. त्यांना तो झाला नाही असं दुसऱ्या दिवशी कळलं. शिवाय स्टिअरिंग पूर्ण वळवलं की चाक वरच्या पत्र्याला घासून असा आवाज यायचा, की गल्लीतली कुत्री मागे लागायची.

मग सुरू झाल्या विजापूर वेशीच्या वाऱ्या. तिथे टायरवाल्या चाचांचं दुकान आहे. साडू दुकानात शिरायचे ते वधूपित्याच्या तोंडानं. चाक बसतं म्हणजे नुसतं बसत नाही, हे त्यांनी एव्हाना शिकून घेतलं होतं. बोल्ट किती, बोल्टांमधलं अंतर किती, मधल्या भोकाचं माप काय, चाक वरच्या पत्र्याच्या कमानीच्या किती आत राहतं, आणि टायर धरून एकूण उंची किती. "चार बोल्ट जुळले म्हंजे गण जुळला," ते मला समजावत. "पण मधलं भोक बघा. मंगळ असतो तो तितंच." टायरच्या अंगावर तो कुठल्या आठवड्यात बनला ते छापलेलं असतं, हे कळल्यापासून तर त्यांनी जन्मवेळ बघितल्याशिवाय टायरला हात लावणं सोडलं. एक चांगला भला टायर त्यांनी नाकारला, कारण तो भर पावसाळ्यातला होता. "ओलीत जन्मलाय. ह्याला सोलापूरचं ऊन सोसायचं न्हाय."

चाचा हनुवटीवर हात ठेवून ऐकत राहायचे. एकदा म्हणाले, "साब, तुमे चाक लेने कू आए, क्या लड़की दिखाने कू?"

"लडकीका एक बार चुकता है तो चलता है," साडू त्यांच्या हिंदीत म्हणाले, "चाकका न्हाय चलता."

दुसरा जोड आला. बोल्ट अगदी बरोबर, पण मधलं भोक मोठं. गाडी जरा वेगात आली की सगळी थरथरायची, आणि तांब्यातल्या पाण्यावर वर्तुळं उठायची. साडूंनी ती वर्तुळं नीट पाहिली आणि गाडी थांबवली. "मंगळ," ते म्हणाले. तिसरा जोड दिसायला देखणा, पण चाकं कमानीच्या बाहेर यायची आणि डबक्यातलं सगळं पाणी फूटपाथवरच्या मेथीवर उडवायची. त्या दिवशी आम्ही चार पेंड्या मेथी विकत घेतली आणि शिव्या फुकट मिळाल्या. चौथा जोड इतका बुटका, की वेगाचा काटा साठावर गेला तरी सायकलवाले आमच्या पुढे जात आणि मागे वळून बघत.

मला खरं सांगितलं पाहिजे. मधल्या काळात साडूंचा फोन आला की मी तो वाजू द्यायचो. बायको म्हणायची, "अहो, उचला की, दाजींचा हाय." मी म्हणायचो, धुतलेल्या पँटी संपल्यात. आणि मग रात्रभर मला वाटायचं, एक माणूस बायकोला माहेरी न्यायला धडपडतोय आणि मी पँटी मोजतोय. सकाळी मी स्वतः फोन करायचो आणि पुन्हा तांब्या मांडीवर घ्यायचो.

नापास झालेल्या चाकांपैकी एक जोड दुकानाने परत घेतला नाही. ती चाकं ओसरीत एकावर एक पडून होती आणि अक्कांनी त्यांवर जुनं धोतर अंथरून ज्वारीचे पापड वाळत घातले होते. एक दिवस साडू आणि मी तिथे बसून पाचव्या जोडाची चर्चा करत असताना अक्का पापड उलटायला आल्या. कमरेत न वाकता, एक हात भिंतीला लावून एकेक पापड उलटत त्या म्हणाल्या, "गाडीसंगं आलेली चाकं कुटं गेली?"

"चाचाकडं टाकली."

"ती जाड हुती. बुटकी, आन् गुबगुबीत. त्यात बसलं की अंगाला काय लागत न्हवतं. टायर तेवढे नवे घालायचे हुते की."

साडूंच्या चेहऱ्यावर असा भाव आला, जणू सबंध चादर तपासून झाल्यावर कळावं, ती उलटी धरली होती. मग सावरून माझ्याकडे वळले. "गाल," ते म्हणाले. "टायरला गाल पाहिजेत, पाव्हणं. गाल असला की दणका तितंच जिरतो. गालफडं बसलेला टायर दणका खातो कुटं, पुढं ढकलतो. मी केव्हापासनं हेच म्हणतोय." ते केव्हापासून हे म्हणत नव्हते. पण अक्का पापड उलटत राहिल्या, म्हणून मीही एक पापड उलटला.

आम्ही धावत चाचांकडे गेलो. जुनी लोखंडी चाकं दुकानाच्या मागे चाचांनी पोत्याखाली जपून ठेवली होती. "बेचा नै मैं," ते म्हणाले. "मेरेकू मालूम था, तुमे फिरफिराके इधरिच आते बोलके." त्यांवर मूळ मापाचे, गुबगुबीत गालांचे नवे टायर चढले. तांब्याची चाचणी झाली, थेंबभर पाणी माझ्या गुडघ्यावर पडलं आणि साडूंनी ते माझ्या श्वासोच्छ्वासाच्या खात्यावर टाकलं. फक्त एक अडचण होती. चाकांवरच्या चार टोप्यांपैकी एक हरवली होती आणि तिच्या जागी चाचांनी भलत्याच गाडीची टोपी ठोकून दिली होती. मला वाटलं, आता मैंदर्गी आणखी लांबलं. मी भीत भीत ती दाखवली. साडूंनी बघितली, डोळे मिटले, उघडले.

"असू द्या," ते म्हणाले. "आत बसणाऱ्याला कुटं दिसतीय ती?"

मैंदर्गीला निघालो तो दिवस स्वच्छ होता. बायको आदल्या दिवशीच बसने पुढे गेली होती. अक्का पुढे, पाठीशी चादरीची घडी. मी मागे, मांडीवर भरलेला तांब्या. आता तांब्याची गरज काय, असं मी विचारलं होतं. "दोन साक्षी असाव्यात," साडू म्हणाले. कुंभारी आलं. साडूंनी मान न वळवता अक्कांच्या हाताकडे पाहिलं. हात मांडीवर होता, दांड्यावर नव्हता. कुंभारी गेलं. अक्कलकोट मागे पडल्यावर अक्कांची मान हळूहळू एका बाजूला कलली.

साडूंनी आरशातून मला खूण केली. आवाज इतका खाली आणला की मला ओठांवरून ओळखावं लागलं. "झोपली. ऑपरेशन झाल्यापासनं बसून झोपली न्हाय कधी."

मैंदर्गी आलं. वेशीतला गतिरोधक साडूंनी असा ओलांडला, जणू पाळण्यातलं पोर या कुशीवरून त्या कुशीवर घ्यावं. मग वळण आलं. वळल्यावर दोन मिनिटांत घर. साडू वळले नाहीत. गाडी सरळ दुधनीच्या रस्त्याला लागली. दोन्ही बाजूंना तुरी उभ्या होत्या, मध्येच एखादी कानडी पाटी जात होती, आणि आमची गाडी बैलगाडीच्या वेगाने, कुठेही न जाण्यासाठी चालली होती. माझा फोन थरथरला. बायको होती.

"अहो, कुटं हाय तुमी? भाकरी गार व्हायली."

"ट्रॅफिक लागलंय," मी तोंडावर हात धरून म्हणालो.

"मैंदर्गीत?"

दुधनीच्या अलीकडे साडूंनी एका मोकळ्या जागी गाडी वळवली. त्या वळणावर तांब्यातलं होतं नव्हतं ते पाणी माझ्या मांडीवर आलं. मी गादीसारखा बसून राहिलो. परत वेशीत आलो तेव्हा अक्का डोळे उघडून म्हणाल्या, "आलं व्हय?" साडू म्हणाले, "आत्ताच येतंय की." मग त्यांनी दार उघडून अक्कांना हात दिला आणि त्या स्वतःच्या पायांनी, न थांबता, माहेरच्या अंगणात गेल्या.

दुपारी मी पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेलो. दोघी बहिणी कानडीत बोलत हसत होत्या. मला बघून अक्का मराठीत आल्या. "भाऊजी, दुधनीकडच्या तुरी चांगल्या आल्यात न्हाय यंदा?"

मी भरलेला पेला खाली ठेवला.

"जाताना वेशीतल्या गतिरोधकावर जाग आली," त्या म्हणाल्या. "पण म्हटलं, एवढं हळू चालवतायत, तर चालवू देत. त्यांना सांगू नका हं. चाकं बदलायला जातील."

मी अजून सांगितलेलं नाही. साडू संध्याकाळी आमच्याकडे येतात, बशी परत करतात, खिडकीतून माझ्या गाडीच्या मोठ्या चाकांकडे दयेने पाहतात, आणि चहाचा शेवटचा घोट झाला की ठरलेलं एकच विचारतात, "पाव्हणं, त्या दिवशी कशी झोपली हुती हो ती?"

"लई गाढ," मी म्हणतो.