तोताराम नानांचा रुसवा

माझ्या कामिनीने धुळ्याच्या हॉस्टेलात बसून एक वेबपेज बनवलं. त्यात व्हिडिओची लिंक टाकून बटण दाबलं, की व्हिडिओ मोबाइलमध्ये उतरतो. हे कायद्यात बसतं का, या काळजीने माझी झोप उडाली. ती म्हणाली, "आई, फक्त घरच्यांचे व्हिडिओ गं!"

पहिलं गिऱ्हाईक म्हणजे फैजपूरचे माझे मोठे दीर, तोताराम नाना. पुतण्या हितेंद्रच्या लग्नात मानाची टॉवेल-टोपी उशिरा मिळाली, म्हणून ते जेवणं उठेपर्यंत मांडवात रुसून बसले होते. हितेंद्रने लग्नाचा व्हिडिओ नेटवर टाकला आणि नानांची लाज निघाली. त्यांनी तो कामिनीच्या पेजवरून उतरवून घेतला आणि निर्धास्त झाले. केळीचा घड कापल्यावर झाडावर काय उरतं, तसं व्हिडिओ उतरवल्यावर नेटवर काय उरणार, असा त्यांचा हिशेब!

आठवड्याने आमच्या सुगंधाबाई जाऊबाई तोच व्हिडिओ नेटवर शेजारणींना दाखवताना नानांना सापडल्या. नाना फोनवर कामिनीवर कडाडले. मी घाबरून हितेंद्रला रुसव्याचा तेवढा भाग काढायला लावला.

संध्याकाळी पुन्हा नानांचा फोन आला. "कामिने, आता मी अख्ख्या लगनात कुठंच दिसत नाही! लोक म्हणतील, सख्खा काका लगनाले आलाच नाही. लाव माझा रुसवा परत!"