अंकलचा दगड

गाडी थांबली की सगळे डोंगराकडे बघायचे आणि अंकल पायांकडे. नारळाच्या करवंटीएवढा एखादा पांढुरका दगड शोधायचे, उचलून उलटासुलटा बघायचे आणि वादीच्या पाण्यापासून बरोबर एक वीत अंतरावर नेऊन ठेवायचे. वादी म्हणजे डोंगरातला ओढा. आत नितळ डोह, काठाला खजुरीची झाडं, पर्यटकांना वेड लावणारी जागा. अंकल त्या जागेकडे पाठ करून दगडाशेजारी बसायचे आणि सगळ्यांना एकच सूचना द्यायचे, "दगड भिजला की खलास. मी शिट्टी मारणार, तुम्ही बाहेर येणार."

दगड भिजला नाही, सगळे वेळेवर परत आले, की गाडी सुरू करताना ते स्वतःशीच म्हणायचे, "नाही आलं. बरं झालं."

अंकल वसईचे. साठीला टेकलेले, केस पांढरे, मिशी मात्र काळीभोर ठेवलेली. मस्कतमध्ये बौशरला आमचं छोटं ट्रॅव्हल ऑफिस आहे, तिथे ते ड्रायव्हर होते आणि मी गाड्यांचं वेळापत्रक बघायचे. अजूनही बघते. ऑफिसात बसून दुसऱ्याच्या प्रवासाची मिनिटं ठरवणारी माणसं तुम्ही पाहिली असतील. त्यातलीच मी एक.

ही मिनिटं आली कुठून तेही सांगते. आमचे अर्बाब, म्हणजे मालक, सुट्टीत बाल्कन देशांत फिरायला गेले होते. तिथे साराजेव्होहून दुब्रोव्हनिकला नेणारी गाडी त्यांनी घेतली. वाटेत जुना पूल, धबधबा, एक गाव असं सगळं दाखवत नेतात, आणि कुठे किती वेळ थांबायचं ते छापून हातात देतात. अर्बाब खूश! परत आल्यावर तोच कागद माझ्यासमोर ठेवून म्हणाले, असंच मस्कत ते सूर करायचं. मी केलं. पुलाच्या जागी इब्राचा जुना बाजार टाकला आणि धबधब्याच्या जागी वादी. धबधब्याला दोन तास होते, म्हणून वादीलाही दोन तास. तिकडची नदी जागच्या जागी वाहते आणि आमची वादी डोंगरात कुठेतरी पाऊस पडला की दहा मिनिटांत गाड्या उचलून नेते, हे मला ठाऊक होतं. पण कागदावर दोन तास छान दिसत होते.

अंकलच्या गाडीला हे दोन तास क्वचितच मिळायचे. दगडापर्यंत पाणी जरा कुठे सरकलं, की शिट्टी. एकदा कोणाच्या तरी लहान मुलीने खेळता खेळता दगड उचलून पाण्यात टाकला. अंकल इतके घाबरले की त्यांनी सगळ्यांना बाहेर काढून डोकी मोजली. एका जर्मन जोडप्याला हा कसला तरी भारतीय विधी वाटला आणि बाईंनी भक्तिभावाने दगडावर फूल ठेवलं. अंकलनी फूल बाजूला केलं, "फुलाखाली ओल दिसत नाही मॅडम," असं मराठीतच सांगितलं आणि पुन्हा नजर लावून बसले.

त्या वादीच्या तोंडाशी एक म्हातारे ओमानी बाबा चहा विकतात. आपल्या लोकांशी ते हिंदीत बोलतात आणि सगळ्यांना सदीक, म्हणजे मित्र, म्हणतात. त्यांनी अंकलना कितीदा सुनावलं होतं, "ये समंदर नहीं है, सदीक. वादी धीरे धीरे नहीं आता. एकदम आता है."

अंकल चहाचा कप फुंकत म्हणायचे, "मालूम है. लेकिन आने से पहले थोडा बोलता तो होगा."

तक्रारी येऊ लागल्या. पाहुणे लिहायचे, ड्रायव्हर सज्जन आहे, गाडी स्वच्छ आहे, पण वादीतून अर्ध्यावर हाकललं. तिसऱ्या तक्रारीनंतर अर्बाबनी मला बोलावलं. माणूस वाईट नाही, आवाजही चढवला नाही. म्हणाले, पुढच्या ट्रिपला तू स्वतः जा, सूरच्या हॉटेलात काम आहे म्हणून सांग, आणि प्रत्येक थांब्याची वेळ लिहून आण. दोन तास दिले तर कॉन्ट्रॅक्ट वाढवू. नाही दिले तर खलास.

कॉन्ट्रॅक्ट संपायला दोन महिने होते. अंकलना आणखी दोन वर्षं हवी होती. धाकटी मुलगी नर्सिंगला होती, तिचं शिक्षण पुरं होईपर्यंत. "मग मी वसईला जाऊन झोपणार," ते म्हणायचे, "आणि कोणी शिट्टी मारली तरी उठणार नाही."

त्या दिवशी सकाळी गाडीत बसताना मी वही पर्सच्या तळाशी लपवली. हेरगिरीचा अनुभव नव्हता ना. पाहुणे पुण्याचे होते, नवराबायको आणि कॉलेजात जाणारी मुलगी. गृहस्थांच्या खिशात आमच्या वेळापत्रकाचा छापील कागद घडी घालून ठेवलेला. अल मवालेहच्या फळबाजाराशी अंकलनी नेहमीसारखी गाडी थांबवून केळी घेतली, आणि वसईच्या माणसाने परदेशात केळं खाताना करायचा तो चेहरा करून एक खाल्लं. "याला केळं म्हणतात. बोला आता." पाहुणे हसले. मी वहीत लिहिलं, बाजार, दहा मिनिटं.

इब्राचा थांबा अगदी कागदाबरहुकूम झाला. मला बरं वाटलं. मनात म्हटलं, अंकल, आजचा एक दिवस फक्त दोन तास काढा हो.

वादीशी उतरलो. ऊन स्वच्छ, आभाळ निळं. फक्त लांब डोंगरांच्या मागे हातरुमालाएवढा एक ढग होता. अंकलनी दगड शोधला, वीत मोजली, ठेवला. पाहुणे आत निघाले. बाई पहिल्या डोहाशी पाय सोडून बसल्या, बापलेक मात्र पोहत आतल्या डोहांकडे गेले आणि वळणापलीकडे दिसेनासे झाले. मी अंकलच्या शेजारी बसून वही मांडीवर घेतली. त्यांनी वहीकडे पाहिलं, मग माझ्या घड्याळाकडे.

"वेळ तुम्ही लिहा मॅडम. दगड मी बघतो."

त्यांना सगळं कळलं होतं. माझे कान तापले. काहीतरी बोलायचं म्हणून मी विचारलं, "अंकल, हे दगडाचं शिकलात कुठे?"

"आईकडनं." त्यांनी मान वळवली नाही. "ओहोटीला ती शिंपल्यातली कालवं काढायला खडकांत जायची, लांब. मला काठावर बसवायची. पाण्याच्या कडेला दगड ठेवायची आणि सांगायची, हा भिजला की हाक मार. मी बसायचो. एकदा खेकडा दिसला, त्याच्या मागे गेलो. परत बघतो तर दगड नाहीच. म्हणजे होता, पाण्याखाली. आई गळ्यापर्यंत पाण्यातून आली, टोपली डोक्यावर धरून. मला वाटलं आता मारणार."

"मारलं?"

"नाही ना. दुसऱ्या दिवसापासून ताईला बसवायला लागली. मला परत कधी दगडाजवळ बसवलं नाही."

मी हसणार होते, पण त्यांचा चेहरा पाहून हसू आवरलं. पन्नासेक वर्षांपूर्वीचा खेकडा तो, पण अंकल अजून त्याचा राग करत होते.

चाळीस मिनिटं झाली. मी घड्याळ बघत होते, ते पाणी. पंचेचाळीस. मग अंकल पुढे वाकले. मीही वाकले. पाणी आणि दगड यांच्यातलं अंतर आता विताचं राहिलं नव्हतं. चार बोटं, फार तर. पाणी नितळच होतं, आवाज नाही, गढूळपणा नाही. ते नुसतं गुपचूप वर येत होतं.

"अंकल, ढग कुठेय?" मी म्हटलं. "आणखी थोडं थांबू या. आजच्या दिवस."

दगडाची खालची कड काळी झाली.

ते उठले. क्षणभर माझ्याकडे बघत उभे राहिले. त्यांच्या मनात त्या वेळी काय आलं असेल ते मी पुढे कितीदा तरी आठवून पाहिलं आहे. मग त्यांनी क्रुसाची खूण केली आणि शिट्टी फुंकली.

बाई दचकून बाहेर आल्या. बापलेकींचा पत्ता नाही. दुसरी शिट्टी, तिसरी. अंकलनी बूट काढले आणि साठीचा तो माणूस खडकांवरून आत धावत सुटला. बाई मला विचारत होत्या, "काय झालंय? अहो, माझी मुलगी आत आहे!" आणि मी वेड्यासारखी दगडाकडे बघत होते. तो अर्धा भिजला होता. मला डोंगरात उगीचच गडगड ऐकू येऊ लागली. वही कुठे पडली कळलं नाही. त्या दहा मिनिटांत मी माझ्या छापील दोन तासांना इतक्या शिव्या दिल्या की काही विचारू नका.

वळणावरून आधी मुलगी आली, मग अंकल, आणि त्यांच्या मागे संतापलेले गृहस्थ. अंकलनी कोणाला कपडे बदलू दिले नाहीत. ओल्या अंगाने सगळ्यांना वरच्या रस्त्यावर नेलं आणि उभं केलं. "पाच मिनिटं. बघाच तुम्ही."

पाच झाली. पंधरा झाली. अर्धा तास आम्ही रणरणत्या उन्हात खाली बघत उभे होतो. वादी तशीच नितळ, शांत. इतक्यात चहावाले बाबा खालून चढत आले आणि आमची वरात बघून हसायलाच लागले. वरच्या गावात फलज बंद केला होता, म्हणजे डोंगरातून बागांना पाणी नेणारा पाट. दुरुस्ती चालली होती. पाटाचं पाणी वादीत सोडलं, म्हणून जरासं चढलं. "बस, इतना ही," बाबा म्हणाले.

गृहस्थांनी खिशातला ओला कागद काढून माझ्यासमोर धरला. "मॅडम, इथे दोन तास लिहिलेत. आम्हाला तासभरसुद्धा मिळाला नाही. याला काय म्हणायचं?"

मी अंकलकडे पाहिलं. वाटलं होतं, खजील झाले असतील. ते पायातून येणारं रक्त पुसत होते आणि चक्क हसत होते, परीक्षेत पोर पास झाल्यासारखे.

"नाही आलं," ते म्हणाले. "बरं झालं."

सूरच्या हॉटेलात मी रिपोर्टचा तक्ता भरला. थांबा, ठरलेली वेळ, दिलेली वेळ, शेरा. वादी, दोन तास, पन्नास मिनिटं. शेऱ्यात मी लिहिलं की पाणी खरोखरच चढलं होतं. मग वाटलं, अर्बाब विचारणार, पूर आला का? नाही आला. मग शेऱ्यात लिहायचं काय, दगड? वसईची कालवं? मी तो शेरा खोडला, रकाना रिकामा ठेवला आणि रिपोर्ट पाठवून दिला. रिपोर्टात एक अक्षर खोटं नव्हतं. याची मला आजही लाज वाटते.

कॉन्ट्रॅक्ट वाढलं नाही. पासपोर्ट घ्यायला अंकल बौशरला आले तेव्हा माझ्या टेबलावर केळ्यांचा घड ठेवला. "खा. वाईटच आहेत." मी म्हटलं, अंकल, मला लिहिता आलं असतं. ते म्हणाले, "काय लिहिणार होतात? मिनिटं कमी दिली, ते खरंच होतं. मुलीचं बघू, वसईत पण गाड्या आहेत." दारापर्यंत गेले आणि वळले. "नवीन माणसाला सांगा तेवढं, दगड घ्यायचा तो पांढरा. काळा ओला झालेला कळत नाही."

मी सांगितलं. नवीन ड्रायव्हर तरुण आहे, हसला. तो पाहुण्यांना पुरते दोन तास देतो. तक्रार एक नाही. पाणी अजून तरी आलेलं नाही. पण गाडी वादीशी पोचल्याचा मेसेज आला की माझं दुसऱ्या कामात लक्ष लागत नाही. सगळे गाडीत बसल्याचा दुसरा मेसेज येईपर्यंत मी फोनकडे बघत बसते. दर ट्रिपला दोन तास.

गेल्या शुक्रवारी आम्ही घरचेच तिथे गेलो होतो. नवरा आणि मुलगी पाण्यात उतरले. मी एक पांढरा दगड शोधला, वीत मोजली आणि डोहाकडे पाठ करून बसले. मुलगी हाका मारत होती, "आई, come ना! पाणी so nice आहे!" मला मान वळवता येईना. तासाभराने धीर सुटला आणि मी दोघांना बाहेर बोलावलं. दगड कोरडा ठणठणीत होता.

मुलगी टॉवेल गुंडाळून कुरकुरत आली. "का बोलावलं? आई, nothing happened!"

"नाही आलं," मी म्हटलं. "बरं झालं."

गाडी सुरू होईपर्यंत मी त्या दगडाकडे बघत होते. अंकल असते तर त्यांना सांगितलं असतं, आज मी बसले होते, आणि एकदाही उठले नाही.