डावं म्हणजे दर्या

माझी भावजय ढ आहे, असं मी चार वर्षं सगळ्यांना सांगत आले. शेजारणींना सांगितलं, शाळेतल्या जुन्या बायकांना सांगितलं, तिच्या माहेरच्यांना तर तिच्यादेखत सांगितलं. बत्तीस वर्षं मालवणात मास्तरीण होते मी. ढ कोण आणि हुशार कोण, हे मला तोंड बघून कळतं, असा माझा तोरा. घरातसुद्धा मी शाळेचीच भाषा बोलते. ती मालवणीत विचारते आणि मी पुस्तकी मराठीत उत्तर देते, म्हणजे आपण कुठे आणि वन्सं कुठे हे तिला रोज समजावं.

चार वर्षांपूर्वी भाऊ वारला तेव्हा ती चाळिशीची होती. मूलबाळ नाही. तारकर्लीचं घर माझ्या नावावर, म्हणून मी म्हणते की ती माझ्याकडे राहते. खरं म्हणजे पहाटे उठून पाणी भरण्यापासून रात्री माझ्या गुडघ्यांना तेल चोळण्यापर्यंत सगळं ती करते. मी पेन्शन घेते आणि बोलते.

भावाची गाडी अंगणात ताडपत्रीखाली पडून होती; मला चालवता येते, पण मी कधी काढत नव्हते. आमच्या वाडीच्या टोकाला एक गोव्याकडची बाई पर्यटकांना खोल्या भाड्याने देते. रविवारी न चुकता चर्चला जाणारी, बोलायला गोड, व्यवहाराला चोख. ती एक दिवस आमच्या पडवीत येऊन बसली. माझ्या भावजयीला म्हणाली, एकट्या-दुकट्या बायका कुडाळ स्टेशनला उतरतात, त्यांना आणायला बाई ड्रायव्हर हवी. दिवाळीपर्यंत लायसन काढलंस तर काम तुझं. आणि पहाटेच्या गाड्या असतात, तेव्हा मागची खोलीही तुझी, वेगळी चूल मांडलीस तरी चालेल.

माझ्या भावजयीनं चहाचा कप खाली ठेवला. एवढंच केलं तिनं. पण तिचा चेहरा मी बघितला. लग्नात नव्हता तसा चेहरा झाला होता.

मग माझा चहा कोण करणार? खोटं कशाला बोलू, पहिला विचार हाच आला.

पण बाई गेल्यावर ती माझ्यासमोर येऊन उभी राहिली आणि म्हणाली, "वन्सं, माका शिकवशात? तुमका येता तसा दुसऱ्या कोणाक येना नाय." खुशामत मला कधी खपली नाही असं मी म्हणते, पण खपते. मी हो म्हटलं.

लर्निंगच्या परीक्षेसाठी चिन्हांचा तक्ता आणला. गोल लाल म्हणजे हुकूम, त्रिकोणी म्हणजे सावध, निळं म्हणजे माहिती. ती चुलीजवळ बसून मासे कापायची आणि मी छडीऐवजी पळी घेऊन एकेका चिन्हावर टेकवायची. "पादचारी म्हंजे कोण ओ?" "पायी चालणारा." "मगे पायान चलणारो म्हणान लिवक हेंका काय रोग इलो?" मी म्हटलं, सरकार तुझ्या माहेरचं नाही. हॉर्न वाजवू नये, वाट द्या, पुढे अरुंद पूल. तोंडपाठ करायची बिचारी. भात ढवळताना पुटपुटायची. चुकली की मी म्हणायची, पालथ्या घड्यावर पाणी. एकदा तर शेजारीण बसली होती, तिच्यासमोर म्हटलं, "हिचा नवरा हिच्या बुद्धीला कंटाळूनच गेला." शेजारीण हसली नाही. भावजय पापलेटाची शेपटी कापत राहिली.

आता मुख्य गोष्ट. तिला डावं-उजवं कळत नाही. ती डावखुरी. लहानपणी आईनं चटके देऊन उजव्या हातानं जेवायला लावलं, पण कोयता, सुई, लाटणं, सगळं डाव्यात. पहिल्या दिवशी मी गाडीत म्हटलं, "उजवा हात कुठला?" तर दोन्ही हात मांडीवर ठेवून बघत बसली. "खंयचो म्हणतास? जेवचो काय कामाचो?" मला हसू आलं, मग राग आला. सातवीपर्यंत गेलेली बाई आणि हात ओळखत नाही! तिच्या गावात कोणी डावं-उजवं म्हणतच नाही म्हणे. दर्याच्या अंगाक आणि डोंगराच्या अंगाक, बस्स. जाळं दर्याच्या अंगाला, विहीर डोंगराच्या अंगाला. ताटात चटणी कुठं वाढायची तेही तसंच सांगत असतील, कोण जाणे.

आम्ही रविवारी सकाळी तारकर्लीहून मालवणच्या बाजारात जायचो. ती चालवायची, मी शेजारी. तिसऱ्या रविवारी मी डावीकडे घे, डावीकडे घे म्हणून घसा फोडला आणि तिनं गाडी नेली थेट उजवीकडच्या दगडी गडग्याला. आरसा फुटला. माझं डोकं फिरलं, शाळेची भाषा गेली उडत. "मेले, आंधळी काय गो तू? डावां म्हंजे दर्या! दर्या सोडू नको! इतक्या तरी डोक्यात शिरात काय?"

शिरलं. त्या दिवसापासून एकदाही चुकली नाही. मालवणकडे जाताना दर्या डाव्या हाताला. माडांच्या आड असला तरी तिला तो कळायचा. समोरून गाडी आली की ती शांतपणे दर्याकडे सरकायची. मला वाटलं, वा, मास्तरीण ती मास्तरीण. येताना मात्र गाडी मी चालवायची, कारण बाजाराच्या गर्दीतून बाहेर काढणं तिच्या आवाक्यातलं नव्हतं, आणि तिच्या मांडीवर मासळीची पिशवी असायची.

लर्निंगची परीक्षा आरटीओतल्या संगणकावर झाली. पंधरा प्रश्न, नऊ बरोबर लागतात, तिला बारा आले. बाहेर येऊन ती माझ्या पाया पडायला वाकली तर मी पाय मागे घेतला. तीन कुठले चुकले ते मी विचारलं नाही. आता वाटतं, विचारायचीही गरज नव्हती, डाव्या-उजव्याचेच असणार.

पक्क्या लायसनची टेस्ट महिन्यानंतर होती. तिच्या आधी पंधरा दिवस आम्ही बाजारातून परत येत होतो, मी चालवत होते. आमचा रस्ता एका गाडीपुरता. मधूनच जायचं आणि समोरून कोणी आलं की बाजू घ्यायची. त्या दिवशी समोरून एसटी आली. मी डावीकडे, म्हणजे गडग्याकडे, म्हणजे डोंगराच्या अंगाला घेतली. तर हिनं पिशवी घट्ट धरली आणि ओरडली, "वन्सं! उलट्या अंगाक घेतलास! दर्या थंय आसा!"

मला लख्ख कळलं. येताना दर्या उजवीकडे असतो. हिच्या डोक्यात डावं नाहीच, फक्त दर्या आहे. मी जे रागात बोलले ते तिनं वेदवाक्य म्हणून घेतलंय. टेस्ट आरटीओजवळच्या रस्त्यावर, तासभर आत, जिथे दर्याचा वाससुद्धा येत नाही. साहेब कुठल्या दिशेला गाडी न्यायला सांगेल, देव जाणे.

एक वाक्य बोलायचं होतं. गाडी बाजूला घेऊन तिच्या मनगटाला दोरा बांधला असता तरी काम झालं असतं.

मी म्हटलं, "मला लायसन मिळून पंचवीस वर्षं झाली. मला शिकवू नकोस."

मग आपणच स्वतःची समजूत काढली तिनं. म्हणाली, "बरोबर. पक्क्या लायसनवाल्यांका चलत आसात. माका नाय." आणि हसली. मीही हसले. घरी आल्यावर तिनं केलेला चहा प्यायला आणि बरा झालाय म्हटलं. मी कधी चांगलं म्हणत नाही, म्हणून ती दिवसभर खूश होती.

पुढचे पंधरा दिवस मी रोज सांगेन म्हटलं. दुसऱ्या दिवशी ती गाणं म्हणत कपडे धूत होती, तेव्हा नाही सांगितलं. तिनं आपली पत्र्याची ट्रंक पुसून उन्हात ठेवली, तेव्हा तर मुळीच नाही. ट्रंक बघून माझा जळफळाट झाला. चार वर्षं माझं मीठ खाल्लं आणि निघाली दुसऱ्याच्या मागच्या खोलीत चूल मांडायला! तिनं माझं मीठ खाल्लं की मी तिच्या हातचं, हा हिशेब मी केला नाही.

टेस्टच्या दिवशी ती नवीन साडी नेसली. साहेब तरुण होते, शांत आवाजाचे. मला म्हणाले, बसा मागे, घाबरल्या आहेत बाई, घरचं माणूस असलं तर बरं. मी मागे बसले. साहेब तिच्या शेजारी. गिअर सुरेख टाकले तिनं. शाळेसमोर हळू केली, वळणावर हॉर्न दिला, पुढे शाळेचं चिन्ह आहे हे न विचारता सांगितलं. साहेबांनी मान डोलावली. रस्ता दक्षिणेकडे चालला होता. सकाळचं ऊन साहेबांच्या खिडकीतून आत येत होतं.

"आता डावीकडे घेऊन थांबवा," साहेब म्हणाले.

तिनं मान वाकवून साहेबांच्या पलीकडचं ऊन बघितलं. सूर्य तिकडे, म्हणजे डोंगर तिकडे. म्हणजे दर्या इकडे. मी मागून तिचे ओठ हललेले बघितले. त्या अनोळखी रस्त्यावर, दर्यापासून एवढ्या लांब, दर्या कुठे ते तिनं बिनचूक ओळखलं होतं. आमच्या शाळेतल्या भूगोलाच्या सरांना ते जमलं नसतं. तिनं आरशात बघितलं, सिग्नल दिला आणि गाडी उजवीकडे घातली.

समोरून दुधाचा टेम्पो येत होता. साहेबांनी हँडब्रेक ओढला. टेम्पो हातभर अंतरावर थांबला आणि त्याच्या ड्रायव्हरनं खिडकीतून आमचा उद्धार केला. "शिरा पडली तुमच्या तोंडार! मराक इल्यात काय?"

"बाई, डावीकडे म्हटलं ना मी?" साहेबांचा आवाज कापत होता.

"डावीकडेच घेतलंय, सायबांनू," ती म्हणाली. "दर्या ह्याच अंगाक आसा."

साहेब क्षणभर तिच्याकडे बघत राहिले. मग त्यांना हसू आवरेना. वाईट हसत नव्हते ते, भीती उतरल्यावर माणूस हसतो तसं हसत होते. पण तिला कुठलं कळायला. ती दोन्ही हात मांडीवर घेऊन बघत बसली, पहिल्या दिवशी बसली होती तशी.

"कोणी शिकवलं तुम्हाला हे?" साहेबांनी विचारलं.

समोरच्या आरशात तिचे डोळे होते आणि त्या डोळ्यांत मी होते.

"कोणी नाय," ती म्हणाली. "माझा मीच शिकलंय."

परत येताना गाडी मी चालवली. ती पुढे बसली, पदर तोंडाला धरून. मी बोलत राहिले. काही दिवसांनी पुन्हा देता येते टेस्ट, त्यात काय मोठं, मी येईन सोबत. एवढं गोड मी तिच्याशी आयुष्यात बोलले नव्हते. तारकर्लीच्या रस्त्याला लागल्यावर समोरून रिक्षा आली आणि मी डावीकडे, गडग्याकडे घेतली. ती माझ्या हातांकडे बघत होती.

"वन्सं," ती म्हणाली, "त्या दिवशी मी बोललंय तेवा तुमका समाजला होता."

खोटं बोलायला मला एरवी वेळ लागत नाही, पण त्या वेळी मी नुसता गिअर बदलला.

"आनी मी तुमका शाणी समाजत होतंय," ती म्हणाली, आणि पदर पुन्हा तोंडाला धरला.

दिवाळीत त्या खोल्यांवाल्या बाईनं दुसरी मुलगी ठेवली. पुन्हा टेस्टला चल म्हणून मी तीनदा मागे लागले. तिसऱ्यांदा तिनं वर बघितलं. "डावां खंयचां ता माका कोण सांगतलो? तुमी?" शिमग्याच्या आधी लर्निंगची मुदत संपली. ट्रंक पुन्हा माळ्यावर गेली. मला हवं होतं ते सगळं मिळालं. चहा वेळेवर येतो, गुडघ्यांना तेल मिळतं.

फक्त तिनं कुठूनसा काळा दोरा आणून डाव्या मनगटाला बांधलाय. आपला आपणच, दातांनी गाठ मारून. आणि सकाळी मी पेपर वाचत पडवीत बसले की ती कप घेऊन येते, एकदा दोऱ्याकडे बघते, आणि शाळेतल्या मुलीसारखं मोठ्यानं, अगदी माझ्या शाळेच्या भाषेत म्हणते, "वन्सं, चहा तुमच्या डाव्या बाजूला ठेवलाय."

रोज म्हणते. एकदाही चुकलेली नाही.